माँटेव्हिडिओची वकिलात आणि चोवीस तासांचा नियम

प्रिय आई-बाबा,
सा. न. वि. वि.

उरुग्वेसारख्या छोट्या देशात ब्रिटिशांनी दोनशे वर्षं वकील (म्हणजे सरकारी दूत) कशाला ठेवला, हा बाबांचा प्रश्न रास्त आहे. फोनवर उत्तर नीट देता आलं नसतं, म्हणून सविस्तर लिहिते.

सुरुवात व्यापारातून झाली. 1823 मध्ये परराष्ट्रमंत्री जॉर्ज कॅनिंग (1857 च्या वेळी आपल्याकडे गव्हर्नर-जनरल असलेल्या लॉर्ड कॅनिंगचे वडील) यांनी दक्षिण अमेरिकेतल्या बंदरांसाठी कॉन्सुल नेमले. माँटेव्हिडिओ, म्हणजे आजची उरुग्वेची राजधानी, थॉमस सॅम्युएल हूडच्या वाट्याला आलं. यातली मेख अशी की राजदूत पाठवायचा तर आधी त्या देशाला मान्यता द्यावी लागते, कॉन्सुलला ती अडचण येत नाही. तो जहाजांचे कागद तपासतो, आपल्या माणसांचे तंटे मिटवतो, परक्या मुलुखात वारलेल्यांची मालमत्ता सांभाळतो आणि त्यासोबत सरकारला तिथली खबर देतो. उरुग्वे तर तेव्हा देशच नव्हता. तो ब्राझीलच्या ताब्यातला सिस्प्लाटिना प्रांत होता.

या प्रांतावरून 1825 मध्ये ब्राझील आणि ब्युनोस आयर्स (आजचं अर्जेंटिना) यांच्यात युद्ध पेटलं. ब्राझीलच्या आरमाराने ला प्लाता नदीचं तोंड अडवलं आणि ब्रिटिश व्यापाऱ्यांचा माल अडकून पडला. तेव्हा ब्युनोस आयर्समध्ये लॉर्ड पॉन्सन्बी आणि रिओमध्ये रॉबर्ट गॉर्डन या ब्रिटिश दूतांनी दोन्ही बाजूंना तडजोडीला भाग पाडलं. प्रांत दोघांपैकी कुणालाच मिळणार नाही, तो स्वतंत्र होईल, असा करार 27 ऑगस्ट 1828 ला रिओमध्ये झाला. माँटेव्हिडिओत आज कॅनिंग आणि पॉन्सन्बी या दोघांच्याही नावाचे रस्ते आहेत. तरीही उरुग्वे ब्रिटिशांनी घडवला, हे म्हणणं मला मुळीच पटत नाही. ब्राझीलविरुद्ध उठलेला लावाय्येहा आणि त्याचे साथीदार असे तेहतीस जण एप्रिल 1825 मध्ये नदी ओलांडून आले नसते आणि ऑक्टोबरमध्ये सारांदीची लढाई जिंकली गेली नसती, तर मध्यस्थीसाठी टेबलावर काही उरलंच नसतं.

पुढचं शतक पैशाचं होतं. 1857 मध्ये ब्रिटिश हॉस्पिटल निघालं, मग रेल्वे आली, फ्राय बेंतोसला मांसाच्या अर्काचा कारखाना आला. वकिलातीचं काम मुख्यतः भांडवलाची राखण करणं एवढंच.

खरी कसोटी दुसऱ्या महायुद्धात, डिसेंबर 1939 मध्ये लागली, आणि ती आठवड्याभरातच आटोपली. 13 तारखेला ब्रिटिश क्रूझरांशी झालेल्या लढाईत मार खाल्लेली ग्राफ श्पे ही जर्मन युद्धनौका मध्यरात्रीनंतर माँटेव्हिडिओ बंदरात शिरली. 1907 च्या हेग कराराप्रमाणे लढणाऱ्या देशाच्या युद्धनौकेला तटस्थ बंदरात साधारणपणे चोवीस तासच थांबता येतं. नुकसान झालं असेल तर मुदत वाढते, पण दुरुस्ती फक्त जहाज समुद्रात तग धरेल इतपतच करायची. तोफांची डागडुजी चालत नाही, आणि किती दुरुस्ती लागेल हे यजमान देश ठरवतो. जर्मनांनी दोन आठवडे मागितले. जहाजाचं स्वयंपाकघर उद्ध्वस्त झालं होतं, पुढच्या भागाला भोकं पडली होती. उरुग्वेच्या तज्ज्ञांनी जहाज पाहिलं आणि परराष्ट्रमंत्री आल्बेर्तो ग्वानी यांनी 72 तास दिले. मुदत 17 तारखेला रात्री आठला संपणार होती.

आता ब्रिटिश वकील यूजेन मिलिंग्टन-ड्रेक यांची बाजू पाहा. आधी त्यांनी ‘चोवीस तासांत बाहेर काढा’ असा हट्ट धरला. पण त्या लढाईतली ब्रिटिश क्रूझर एक्झिटर जबर जखमी होऊन फॉकलंडकडे गेली होती आणि बाहेर एजॅक्स व अकिलीज या दोनच हलक्या क्रूझर उभ्या होत्या. 14 च्या रात्री कंबरलँड ही आणखी एक क्रूझर येऊन मिळाली, तरी मोठी जहाजं अजून दूरच होती. म्हणजे ग्राफ श्पे लगेच बाहेर पडणं ब्रिटिशांनाच परवडणारं नव्हतं! मागणी एकदम सोडली असती तर जर्मनांना संशय आला असता. म्हणून त्यांनी त्याच करारातलं दुसरं कलम धरलं. शत्रूचं व्यापारी जहाज बंदर सोडून गेलं, की युद्धनौकेला पुढचे चोवीस तास निघता येत नाही. 15 तारखेला संध्याकाळी अ‍ॅशवर्थ हे ब्रिटिश मालवाहू जहाज मुद्दाम रवाना केलं गेलं. हा डाव फार वेळा खेळता येत नाही, कारण आपला वापर होतोय असं यजमानाला वाटलं की तो दार बंद करतो. त्याच वेळी मोठ्या युद्धनौकांसाठी तेल हवंय, अशी चौकशी चोरून ऐकल्या जाणाऱ्या टेलिफोनवरून मुद्दाम केली गेली. बाहेर प्रचंड ताफा जमलाय, असं ग्राफ श्पेच्या कॅप्टन लांग्सडॉर्फला वाटलं. 17 ला संध्याकाळी त्याने मोजकी माणसं घेऊन जहाज बाहेर काढलं आणि स्वतःच उडवून दिलं. खलाशी ब्युनोस आयर्सला गेले आणि तिथे लांग्सडॉर्फने स्वतःला गोळी घालून घेतली.

बाबा, यातली अकिलीज तुम्हाला दुसऱ्या नावाने माहीत असणार. 1948 मध्ये ती भारताने घेतली आणि ती ‘दिल्ली’ झाली. जून 1978 मध्ये मुंबईतच ती निवृत्त झाली.

नियम सगळ्या वेळी वाचवत नाहीत. 8 जानेवारी 1971 ला तुपामारो बंडखोरांनी राजदूत जेफ्री जॅक्सन यांना पळवलं आणि आठ महिने जमिनीखाली जाळीच्या पिंजऱ्यात ठेवलं. सप्टेंबरमध्ये 106 तुपामारो भुयारातून तुरुंगाबाहेर निसटले आणि त्यानंतर तीन दिवसांनी जॅक्सन सुटले. दूताच्या अंगाला हात लावायचा नाही, हे 1961 च्या व्हिएन्ना करारात लिहिलेलं आहे. पण ते सरकारांना बांधतं, बंडखोरांना नाही.

1982 च्या ब्रिटन-अर्जेंटिनातल्या फॉकलंड युद्धात पुन्हा हेच बंदर कामी आलं. तेव्हा पॅट्रिशिया हचिन्सन राजदूत होत्या. हेक्ला, हायड्रा आणि हेराल्ड या मूळच्या सागरी सर्वेक्षणाच्या बोटी होत्या. त्यांना पांढरा रंग देऊन, लाल क्रॉस रंगवून इस्पितळ-नौका केलं होतं. त्या जखमींना माँटेव्हिडिओला आणत, आणि तिथून हवाई दलाची व्हीसी-10 विमानं त्यांना इंग्लंडला नेत. इथे चोवीस तासांची अट आडवी आली नाही, कारण 1949 च्या जिनिव्हा कराराप्रमाणे तटस्थ बंदरातल्या मुक्कामापुरती इस्पितळ-नौका युद्धनौका धरली जात नाही. मात्र त्यासाठी तिचं नाव आणि वर्णन लढणाऱ्या दोन्ही बाजूंना दहा दिवस आधी कळवावं लागतं. धक्क्यावर रुग्णवाहिका कुठे लागतील, विमानतळापर्यंत रस्ता कोण मोकळा ठेवणार, हे सगळं यजमान देशाच्या मर्जीने ठरतं. ती मर्जी राखायला माणूस तिथे आधीपासून असावा लागतो.

तुमची,
लेक