छायाचित्रण कुणाचं, तेही छापा

महोदय,

आपल्याकडे माहितीपटाचा खेळ झाला की दुसऱ्या दिवशी बातमी येते. तीत दिग्दर्शक, प्रमुख पाहुणे, आभार मानणारे, सगळ्यांची नावं असतात. छायाचित्रण कुणाचं, ते मात्र नसतं. मी स्वतंत्र माहितीपटांचा कॅमेरा करतो, म्हणून हे पत्र.

सोलापुरात अक्कलकोट रोड एमआयडीसीतल्या यंत्रमागावर शूटिंग म्हणजे काय, ते सांगतो. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे जुन्या ट्यूबलाइट सेकंदाला १०० वेळा लुकलुकतात. डोळ्यांना कळत नाही. पण कॅमेरा सेकंदाला २४ फ्रेम्स, म्हणजे चित्रं, घेत असेल आणि प्रत्येक चित्राला शटर १/४८ सेकंद उघडं असेल, तर पडद्यावर उजेड थरथरू शकतो. मग शटर १/५० वर आणायचं. लेन्सवर सुताची धूळ बसतेच. माग थांबवा म्हणायची सोय नाही, कामगाराची मजुरी नगावर असते. सिद्धेश्वराच्या गड्ड्याच्या यात्रेत वेगळीच पंचाईत. भर उन्हात सगळे पांढऱ्या बाराबंदीत! कपड्यांवर एक्स्पोजर, म्हणजे कॅमेऱ्यात घ्यायच्या उजेडाचं माप, धरलं की चेहरे काळवंडतात.

एवढं करून कॅमेऱ्याचं भाडं त्याच दिवशी रोख, आणि आमचं मानधन ‘फेस्टिव्हलनंतर बघू’. आम्हाला पुढचं काम नावावरच मिळतं. राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत माहितीपटांसारख्या कथाबाह्य चित्रपटांच्या छायाचित्रणालाही स्वतंत्र पुरस्कार असतो. आपल्या वार्ताहरांनी आयोजकांना तेवढं एक नाव विचारावं, ही विनंती. जागा कमी पडली, तर आभार मानणाऱ्यांचं गाळा.

– एक छायालेखक, अशोक चौक, सोलापूर