यंदा गणपतीला मॉरिशसला या

कात्र बोर्न, मॉरिशस

ती. आई-बाबांस,
साष्टांग नमस्कार.

दादा-वहिनी यंदा घरचा गणपती बसवणार म्हणाले, तेव्हा आता तुमच्याकडे सबब उरलेली नाही. चतुर्थीच्या आठ दिवस आधी या आणि पंधरा दिवस निवांत राहा. तिकीटवाल्याने जे बोटींचं आणि पाण्याखाली चालण्याचं पॅकेज दाखवलंय ते घेऊ नका. बेट जेमतेम ६५ किलोमीटर लांब आणि ४५ रुंद आहे, समुद्र कुठूनही तासाभराच्या आत येतो. इथे आधी बघायची ती आपल्याकडून आलेली माणसं, आणि ती ज्या धक्क्यावर उतरली तो धक्का.

आधी सामानाचं. आई, दूर्वा, पत्री, फुलं, नारळ, कढीपत्ता यांतलं काहीही बॅगेत टाकू नकोस. झाडपाल्याला परवाना लागतो आणि विमानतळावर तो काढून घेतात. दूर्वा, नारळ, केळीची पानं सगळं इथे मिळतं. बाबा, औषधं मूळ पट्टीतच ठेवा, डब्यात काढून आणू नका. डॉक्टरांकडून इंग्रजीत चिठ्ठी घ्या, त्यात औषधाचं मूळ नाव हवं, कारण तिकडची ब्रँडची नावं इथे कोणी ओळखत नाही. कोडीनचं खोकल्याचं औषध, ट्रॅमाडोल, झोपेच्या गोळ्या यांना इथला कायदा फार कडक आहे. त्यातलं काही चालू असेल तर महिनाभर आधी कळवा, म्हणजे परवानगीचं बघता येईल. पर्यटक म्हणून भारतीयांना व्हिसा विमानतळावरच मिळतो, पैसे लागत नाहीत. परतीचं तिकीट आणि माझा पत्ता मात्र हाताशी ठेवा. निघण्यापूर्वीचा ऑनलाइन फॉर्म मी भरते. प्लगला मोठ्या चौकोनी तीन पिना लागतात, ते अडॅप्टर माझ्याकडे आहेत.

आपल्याकडे भाद्रपद तेव्हा इथे हिवाळा सरत असतो. वादळांचे दिवस जानेवारी ते मार्च, त्यामुळे ती काळजी नाही. पण किनारा आणि मधलं पठार यांत चार-पाच अंशांचा फरक पडतो. किनाऱ्यावर सुती कपडे पुरतात आणि पठारावरच्या क्यूरपीप गावाला पोचेपर्यंत भुरभुर पाऊस सुरू होतो. स्वेटर आणि छत्री गाडीतच राहू दे. सहाच्या सुमारास अंधार पडतो, म्हणून बाहेर पडायचं ते सकाळी आठला.

पहिल्या दिवशी पोर्ट लुईचा आप्रवासी घाट, म्हणजे तोच धक्का. तिथे प्रवेशाला पैसे नाहीत, रविवारी बंद असतो. २ नोव्हेंबर १८३४ ला ‘अ‍ॅटलस’ जहाजातून करारावर आणलेले भारतीय मजूर या बंदरात उतरले, आणि पुढे विसाव्या शतकाच्या सुरुवातीपर्यंत साडेचार लाखांहून अधिक माणसं आली. आजच्या घाटाच्या इमारती १८४९ पासूनच्या. महामार्गाखाली बराच भाग गेला. उरलं ते थोडं आहे म्हणून दहा मिनिटांत बाहेर पडू नका. काळ्या दगडाच्या पायऱ्या, दवाखान्याची खोली, शौचकूप, राहण्याची शेड, इतकंच आहे. पण क्रम नीट बघा: जहाजातून पायरी, पायरीवरून नोंद, नंबर, तपासणी, दोन दिवस मुक्काम आणि मग उसाचा मळा. करार पाच वर्षांचा. सुरुवातीच्या करारात पुरुषाला महिना पाच रुपये, आणि एक दिवस गैरहजर राहिलं की दोन दिवसांचा पगार कापायचे. शेजारच्या माहिती केंद्रात हे सगळं मांडलेलं आहे. बाबा, पायऱ्यांवर उतरायचा हट्ट नको, वरून स्पष्ट दिसतात.

घाटावर नोंद व्हायची ती वही समजली की इथल्या मराठी माणसांची नावं समजतात. मुंबई बंदरातून कोकणातली आणि देशावरची माणसं आली. वहीत माणसाचं नाव आणि बापाचं नाव लिहिलं गेलं, आणि पुढे तेच आडनाव झालं, शेवटी बऱ्याचदा ‘जी’ लागलेलं. म्हणून कोणी भेटलं की ‘आडनाव काय, गाव कुठलं’ असं लगेच विचारू नका. कित्येकांना गाव ठाऊक नाही, आणि ते नसणं त्यांना लागतं. जुन्या नोंदी मोका इथल्या महात्मा गांधी संस्थेत जपल्या आहेत, फोटोंसकट. वंशज तिथे जाऊन शोध घेतात.

इथला पहिला गणेशोत्सव १८९६ साली हेन्रिएटा गावात झाला असं मानतात. आज गणेश चतुर्थीची सरकारी सुट्टी असते, पण चतुर्थीला नव्हे, दुसऱ्या दिवशी, कारण बहुतेकांचा गणपती दीड दिवसाचा. रस्त्यांवर गर्दी होते ती विसर्जनाच्या दुपारी, तेव्हा जेवण लवकर उरकून निघायचं. कास्कावेल गाव बघू, तिथे मराठी वस्ती मोठी आहे. आणि आई, जाखडी! इकडे ‘झाकरी’ म्हणतात. मधे ढोलकीवाला आणि गाणारे, भोवती गोल करून नाचणारे. आपल्या रत्नागिरीकडचीच ती. एरवी आपसांत क्रिओल, म्हणजे फ्रेंचवरून आलेली इथली बोली, बोलणारी पोरं आरती आणि गाणी मराठीत म्हणतात. उच्चार वेगळे वाटले तरी दुरुस्त करू नका. शे-दीडशे वर्षं हे शब्द तोंडातोंडी टिकलेत.

गंगा तलाव वर डोंगरात आहे, साधारण ५५० मीटरवर. तिथे वारा बोचतो, शाल हवीच. विवराचं तळं, काठावर देवळं, प्रवेशाशी ३३ मीटर उंच मंगल महादेव. १८९७ मध्ये त्रियोले गावच्या पुजाऱ्याला स्वप्नात हे तळं दिसलं आणि यात्रा सुरू झाली अशी श्रद्धा आहे. १९७२ मध्ये यात गंगाजल घातलं. प्रसाद पिशवीत झाकून ठेव, माकडं हातातून ओढून नेतात.

परतताना शामारेलची रंगीत माती आणि ल मोर्न. हा ५५६ मीटरचा कडा पायथ्यावरूनच बघायचा, वर चढायचा नाही. मळ्यांवरून पळालेले गुलाम याच्या कपारींत लपत. १८३५ मध्ये मुक्तीची बातमी घेऊन शिपाई आले, ते धरायलाच आले असं वाटून त्या गुलामांनी कड्यावरून उड्या टाकल्या, असं लोक सांगतात. आपली माणसं इथे आणली गेली ती मुक्त झालेल्या या गुलामांच्या जागी, मळ्यांवर राबायला. म्हणून घाट आणि ल मोर्न, दोन्ही बघितल्याशिवाय मॉरिशस पुरं होत नाही.

खाण्याची चिंता नको. ढोल-पुरी म्हणजे गूळ न घातलेली पुरणपोळीच. पिवळी डाळ हळद घालून बोटचेपी शिजवतात, पाणी पूर्ण निथळून कोरडी वाटतात, जिऱ्याची पूड आणि मीठ घालून मैद्याच्या पारीत भरतात आणि पातळ लाटतात. डाळ ओली राहिली तर पारी फाटते, तुझ्या पुरणासारखंच. विकतात जोडीने, आत मोठ्या पांढऱ्या वालांची रस्साभाजी, रुगाय म्हणजे टोमॅटोचा रस्सा, आणि चटणी. मिरची नको असेल तर ‘सां पिमां’ म्हणायचं. बाबांनी आलुदा, म्हणजे इथला फालुदा, एकच घोट घ्यायचा. साखर फार असते.

समुद्र शेवटच्या चार दिवसांत, पश्चिमेकडे फ्लिक-आँ-फ्लाकला. पूर्वेला या दिवसांत वारा सुटलेला असतो. पाण्यात रबरी बूट घालूनच उतरायचं, खडकात दगडमासा दिसत नाही आणि त्याचा काटा फार विषारी. दक्षिणेला ग्री-ग्री इथे प्रवाळाची भिंत नाही, लाटा थेट कड्यावर येतात, तिथे फक्त वरून बघायचं. शंख, प्रवाळ उचलून आणायचे नाहीत.

टॅक्सी पूर्ण दिवसाची ठरवून ठेवते, मीटरवर विसंबून चालत नाही. बाबांच्या चालण्याच्या काठीला खाली नवीन रबर बसवून आणा, घाटाजवळची दगडी फरशी पावसात घसरते.

तुमची लेक