एक्स्टेंशन ‘काढून पुन्हा टाका’ हा सल्ला घातक

मा. संपादक यांस,
स. न. वि. वि.

गेल्या रविवारी आपल्या दैनिकातील तंत्रज्ञानविषयक सदरात एका वाचकाने विचारले होते, की ब्राउझरमधील एक्स्टेंशन (ब्राउझरला जास्तीची सोय जोडणारा छोटा प्रोग्राम) अचानक दिसेनासे झाले तर काय करावे. उत्तर दोन ओळींचे होते: एक्स्टेंशन काढून टाका, ब्राउझर बंद करून पुन्हा सुरू करा आणि स्टोअरमधून तेच एक्स्टेंशन नव्याने घ्या. वाचताना हा सल्ला अगदी निरुपद्रवी वाटतो. परंतु त्याची सुरुवातच ज्या ‘काढून टाका’ने होते, ती कृती वापरणाऱ्याचे भरून न येणारे नुकसान करू शकते. ते नुकसान मी स्वतः सोसले असल्यामुळे हे पत्र जरा सविस्तर लिहीत आहे.

मी सांगलीत न्यायालयीन आणि बँकांच्या कागदपत्रांच्या भाषांतराचे काम करते. या कामात तीच ती वाक्ये दिवसातून वीस वेळा लिहावी लागतात, म्हणून लघुरूपावरून पूर्ण मजकूर उमटवणारे एक एक्स्टेंशन मी वापरत असे. ‘दिन्याव’ लिहून स्पेस दिली, की ‘मा. दिवाणी न्यायाधीश (वरिष्ठ स्तर) यांचे न्यायालयात’ एवढे सगळे उमटे. ‘चसी’ लिहिले, की ‘येणेप्रमाणे चतुःसीमापूर्वक मिळकत’ आणि त्याखाली पूर्वेस, दक्षिणेस, पश्चिमेस, उत्तरेस अशा चार ओळी येत. सहा वर्षांत अशी ४१२ लघुरूपे साठली होती. एके सकाळी ‘चसी’ लिहिले आणि पडद्यावर ‘चसी’च राहिले. पट्टीवरचे चिन्हही गायब होते. माझा भाचा त्या दिवशी घरी होता; त्याने आपल्या सदरात छापला आहे नेमका तोच उपाय केला. पाच मिनिटांत चिन्ह परत आले, भाचा चहा प्यायला बसला आणि मी लघुरूपांची यादी उघडली, तर ती कोरी होती.

नंतर चौकशी केल्यावर कळले, की एक्स्टेंशन हरवलेच नव्हते. त्याच्या नव्या आवृत्तीने एक जास्तीची परवानगी मागितली होती आणि ती मिळेपर्यंत ब्राउझरने ते बंद करून ठेवले होते. क्रोम आणि त्याच पायावर उभे असलेले एज, ब्रेव्ह वगैरे ब्राउझर असेच वागतात. फायरफॉक्स मात्र अशा वेळी परवानगी मिळेपर्यंत जुनी आवृत्ती चालू ठेवतो, आणि मला ती पद्धत अधिक शहाणपणाची वाटते. एक्स्टेंशनांच्या पानावर जाऊन एक कळ सरकवली असती आणि विचारलेल्या प्रश्नाला ‘हो’ म्हटले असते, तर ४१२ लघुरूपांसह सगळे जागेवर आले असते. रोगापेक्षा औषध भयंकर, असे आमचे झाले.

यामागचे कारण साधे आहे. एक्स्टेंशन म्हणजे एक छोटा प्रोग्राम, आणि त्याच्याकडे आपण सोपवलेली माहिती, म्हणजे याद्या, नियम, टिपणे, ही बहुतेक वेळा आपल्याच संगणकावर, ब्राउझरच्या प्रोफाइलमध्ये (आपल्या सगळ्या नोंदी ठेवणाऱ्या फोल्डरमध्ये), त्या एक्स्टेंशनच्या नावाने राखलेल्या कप्प्यात असते. एक्स्टेंशन ‘बंद’ केले तर कप्पा तसाच राहतो. ‘काढून टाकले’ तर ब्राउझर तो कप्पाही रिकामा करतो. खात्याने लॉगइन केले आहे, सिंक (खात्यामार्फत आपले संगणक एकमेकांशी जुळते ठेवण्याची सोय) चालू आहे, म्हणून सर्व सुरक्षित आहे असे पुष्कळांना वाटते. परंतु सिंकमधून दुसऱ्या संगणकावर मुख्यतः एक्स्टेंशनांची यादी जाते, त्यांच्या पोटातला मजकूर जाईलच असे नाही. क्रोममध्ये एका एक्स्टेंशनला सिंकसाठी मिळणारी जागा साधारण १०० किलोबाइट आहे, आणि तीही त्याच्या निर्मात्याने वापरली असेल तरच. क्रिप्टो चलनाचे मेटामास्कसारखे पाकीट वापरणाऱ्याने बारा शब्दांचा परतीचा संकेत लिहून ठेवला नसेल आणि एक्स्टेंशन काढून टाकले, तर लघुरूपे नव्हे, पैसेच जातात.

ही माझी एकटीची शंका नाही, याचा एक मोठा दाखला नोंदवते. शनिवार, ४ मे २०१९ रोजी, आपल्याकडे पहाट होत असताना, जगभरच्या फायरफॉक्समधील जवळजवळ सर्व एक्स्टेंशने बंद पडू लागली. वापरणाऱ्यांपैकी कोणी काहीही केले नव्हते. फायरफॉक्स कोणतेही एक्स्टेंशन चालवण्यापूर्वी त्यावरची डिजिटल सही तपासतो. ती सही एका मधल्या प्रमाणपत्रावर टेकलेली असते आणि ते प्रमाणपत्र मूळ प्रमाणपत्रावर. त्या मधल्या प्रमाणपत्राची मुदत त्या दिवशी संपली आणि ते नूतनीकरण करायचे राहून गेले होते. दुकानाचा परवाना संपला म्हणून आतला चांगला मालही विकता येऊ नये, तशातला हा प्रकार. तपासणी प्रत्येक संगणकावर चोवीस तासांतून एकदा, आपापल्या वेळेला होत असल्यामुळे कोणाचे सकाळी गेले, कोणाचे दुपारी, आणि शेजारच्याचे चालू दिसत असल्याने आपल्याच संगणकात काही बिघडले असे अनेकांना वाटले. ओळख लपवून इंटरनेट वापरण्यासाठीचा टॉर ब्राउझर फायरफॉक्सवरच बेतलेला असल्यामुळे त्यातले नोस्क्रिप्ट हे संरक्षक एक्स्टेंशनही बंद पडले, आणि ज्यांची सुरक्षितता त्यावर अवलंबून होती त्यांच्यासाठी ही केवळ गैरसोय नव्हती.

फायरफॉक्स बनवणाऱ्या मोझिलाने तेच नाव आणि तीच किल्ली असलेले, पण पुढची मुदत असलेले नवे मधले प्रमाणपत्र तयार केले आणि ते प्रथम ‘स्टडीज’ या प्रयोगांसाठीच्या यंत्रणेतून पाठवले. ही यंत्रणा ज्यांनी खासगीपणाच्या काळजीपोटी बंद ठेवली होती, त्यांना ते मिळेना. दुरुस्तीसाठी ती तात्पुरती चालू करा, असे त्यांना सांगावे लागले आणि त्या काळात गोळा झालेली माहिती मोझिलाने पुढे पुसून टाकली. ५ मे रोजी ६६.०.४ ही आवृत्ती आली आणि उरलेल्यांचा प्रश्न बहुतांशी सुटला. मला यात सर्वांत महत्त्वाची वाटते ती त्या गोंधळात मोझिलाने दिलेली सूचना: दुरुस्तीचा प्रयत्न म्हणून एक्स्टेंशने काढून पुन्हा टाकू नका, कारण काढल्याने त्यांच्याशी जोडलेली माहिती पुसली जाते, बंद-चालू केल्याने पुसली जात नाही. आपल्या सदरातील सल्ला याच्या बरोबर उलट आहे.

याच धर्तीवर १४ मार्च २०२५ रोजी फायरफॉक्समधील एका मूळ प्रमाणपत्राची मुदत संपली. त्याची पूर्वसूचना मिळालेली होती. आवृत्ती १२८ च्या आधीचा, किंवा दीर्घ मुदतीच्या शाखेत ११५.१३ च्या आधीचा फायरफॉक्स वापरणाऱ्यांची एक्स्टेंशने त्यानंतर बंद पडू शकत होती. जुन्या विंडोज ७ च्या संगणकावर ११५ ची शाखाच चालते. अशा संगणकावर आजही एक्स्टेंशने मृतवत् दिसत असतील, तर आधी ब्राउझर अद्ययावत करावा. बाकी कशालाही हात लावू नये.

तेव्हा वाचकाने प्रथम काय पाहावे? बहुतेक वेळा एक्स्टेंशन फक्त लपलेले असते. क्रोममध्ये २०२० पासून पत्त्याच्या पट्टीशेजारी कोड्याच्या तुकड्यासारखे एक चिन्ह आहे आणि सारी एक्स्टेंशने त्याच्या आत राहतात. तेथे टाचणीच्या खुणेवर क्लिक केले, की हवे ते बाहेर कायमचे दिसते. मराठी टंकनाचे एक्स्टेंशन ‘उडाले’ म्हणून मला फोन करणाऱ्या माझ्या दोन ज्येष्ठ परिचितांचे एवढ्यावरच काम झाले. इन्कग्निटो, म्हणजे इतिहास न नोंदवणाऱ्या खासगी, खिडकीत एक्स्टेंशने मुळातच बंद असतात, हेही अनेकांच्या ध्यानात येत नाही. घरात एकाच संगणकावर तीन जणांची तीन प्रोफाइल असतील, तर आपण मुलाच्या प्रोफाइलमध्ये बसलो आहोत का, हे कोपऱ्यातल्या चित्रावरून पाहावे. आणि कार्यालयाचा संगणक असेल, तर तेथील व्यवस्थापकाने धोरण म्हणून ते बंद केले असण्याचा संभव असतो. अशा वेळी आपण काही खटपट न करता त्यांनाच विचारलेले बरे.

येथे दिसले नाही तर एक्स्टेंशनांचे मुख्य पान उघडावे. क्रोममध्ये ते तीन टिंबांच्या मेनूतून मिळते, फायरफॉक्समध्ये ‘अबाउट:अॅडऑन्स’ या पत्त्यावर. एक्स्टेंशन तेथे असून बंद असेल, तर चालू करावे. फाइल खराब झाल्याचा शेरा असेल, तर क्रोम तेथेच दुरुस्तीचे बटण देतो. ‘काढून टाका’ हे बटण सहसा या सगळ्यांच्या जवळच असते, म्हणून माउस जपून चालवावा. फायरफॉक्समधील ‘रिफ्रेश’ या सोयीबाबतही सावध राहावे. ती बुकमार्क आणि पासवर्ड राखते, पण एक्स्टेंशने काढून टाकते. मात्र जुने प्रोफाइल ती डेस्कटॉपवर एका फोल्डरमध्ये ठेवून जाते, त्यामुळे तो फोल्डर कचरा समजून लगेच पुसू नये.

काही वेळा एक्स्टेंशन खरोखरच गेलेले असते, आणि त्यात दोन प्रकार आहेत. पहिला धोरणबदलाचा. क्रोमने एक्स्टेंशनांच्या रचनेची दुसरी पिढी बंद करून तिसरी सक्तीची केली. २०२४ च्या जूनमध्ये चाचणी आवृत्त्यांत इशारे दिसू लागले, ऑक्टोबरपासून सर्वसामान्यांच्या आवृत्तीत जुन्या पिढीची एक्स्टेंशने बंद होऊ लागली. काही काळ ती हाताने परत चालू करता येत होती, पुढे तेही थांबले, आणि २०२५ मध्ये आलेल्या आवृत्ती १३९ ने कार्यालयांना दिलेली शेवटची सवलतही संपवली. जाहिराती अडवणारे ‘यूब्लॉक ओरिजिन’ क्रोममधून गेले ते यामुळे. त्याची ‘लाइट’ आवृत्ती क्रोमवर चालते, पण नव्या रचनेत पानाची प्रत्येक मागणी स्वतः तपासून अडवण्याची पूर्वीची मोकळीक नाही. मूळ एक्स्टेंशन फायरफॉक्सवर अजून चालते. ज्यांनी आपले नियम आधी फाइलमध्ये उतरवून घेतले होते त्यांना ते तेथे नेता आले.

दुसरा प्रकार खोटेपणाचा. निष्क्रिय टॅब झोपवून मेमरी वाचवणारे ‘द ग्रेट सस्पेंडर’ २०२० मध्ये दुसऱ्या मालकाकडे गेले आणि फेब्रुवारी २०२१ मध्ये घातक कोडमुळे गूगलने ते स्टोअरमधून काढून सर्वांच्या ब्राउझरमध्ये बंद केले. त्याबरोबर लोकांचे झोपवलेले टॅबही गेले. पण त्या टॅबांचे पत्ते ब्राउझरच्या इतिहासात होते: सुरुवातीला एक्स्टेंशनची बत्तीस अक्षरी ओळख आणि शेपटीला ‘यूआरआय’ या खुणेपुढे मूळ पानाचा पत्ता. इतिहासात ती ओळख शोधून शेपटी कापून घेतली, की पान परत मिळत असे. एक्स्टेंशन अशा कारणाने गेले असेल, तर आपली माहिती जरूर सोडवावी. पण तेच एक्स्टेंशन कुठल्यातरी संकेतस्थळावरून उतरवून बसवण्याच्या फंदात पडू नये. २०२४ च्या नाताळात सायबरहेवन या सुरक्षा कंपनीच्याच एक्स्टेंशनची बाधित आवृत्ती स्टोअरमधून लोकांपर्यंत पोहोचली होती, तेव्हा स्टोअरबाहेरच्या मालाचा भरवसा कोणी द्यावा?

आणि ‘काढून टाका’ दाबून झालेच असेल तर? एकच वाट उरते, ती म्हणजे प्रोफाइलची जुनी प्रत. बाहेरच्या डिस्कवर संपूर्ण बॅकअप असेल, तर तेच एक्स्टेंशन स्टोअरमधून पुन्हा घ्यावे, ब्राउझर पूर्ण बंद करावा आणि क्रोमच्या प्रोफाइलमधील ‘लोकल एक्स्टेंशन सेटिंग्ज’ या फोल्डरात त्या बत्तीस अक्षरी नावाचा जुना कप्पा ठेवावा. प्रोफाइल कोठे आहे, हे क्रोमच्या आवृत्तीच्या पानावर लिहिलेले असते. माझ्याकडे अशी प्रत नव्हती. मी जुन्या भाषांतरांच्या फाइली चाळून आतापर्यंत १८० लघुरूपे पुन्हा बांधली आहेत, आणि दर महिन्याच्या एक तारखेला ती एक्स्पोर्ट करून पेनड्राइव्हवर ठेवते.

आपल्या सदराचे वाचक माझ्यासारखेच आहेत; इंग्रजी मदतपाने उघडण्याआधी ते रविवारचा अंक उघडतात. म्हणून विनंती, की त्या उत्तराची दुरुस्ती त्याच सदरात, त्याच जागी छापावी, आणि जागा अपुरी असेल तर या पत्रातील बाकी सर्व गाळून एवढेच छापावे: आधी एक्स्टेंशनांचे पान उघडून पाहा, बंद असेल तर चालू करा, आणि माहितीची प्रत हाती असल्याखेरीज ‘काढून टाका’ दाबू नका.

कळावे,
आपली विश्वासू,
एक भाषांतरकार वाचक, सांगली