आजीच्या माहेरच्या नावासाठी थोडा हातभार लावा

नमस्कार मंडळी,

पुण्याच्या कसब्यातल्या तांबट आळीतून, आमच्या मंडळातर्फे लिहितोय. ही गणपतीची वर्गणी नाहीये, आपल्या आळीतल्या एका मुलीच्या शोसाठी मागतोय, म्हणून जरा वेळ काढून पूर्ण वाचा ही विनंती.

मुलगी आमच्या डोळ्यासमोर लहानाची मोठी झाली. आधी कथक शिकली, मग कॉलेजात नाटक, मग व्हिडिओ, आणि आता हे सगळं एकत्र करून ती जे करते त्याला परफॉर्मन्स आर्ट म्हणतात. हा नाच आहे का नाटक असं सगळेच विचारतात, मीही विचारलं होतं. तिनं उत्तर दिलं नाही, वाड्याच्या चौकात बोलावलं आणि वीस मिनिटांचा एक तुकडा करून दाखवला.

मधे एक जुना तांब्याचा हंडा ठेवलेला, तिच्या पणजीच्या लग्नातला. त्याच्या गळ्यावर नाव घातलंय, पूर्वी छिन्नीनं ठिपका ठिपका मारून घालायचे तसं. "मामाकडून" एवढं स्पष्ट वाचता येतं, पण त्याच्या आधीचं पणजीचं माहेरचं नाव घासून घासून अर्धं गेलंय. घरात दुसऱ्या कुठल्या कागदावर ते नाव नाही, रेशनकार्डावर नाही, सातबाऱ्यावर नाही, कारण लग्नात नाव बदललं आणि नंतर सगळीकडे नवऱ्याकडचंच लागलं. ती त्या अक्षरांवरून बोट फिरवत होती, नाव जुळवायचा प्रयत्न करत होती, आणि मागे तिचा काका खरोखरचा पत्रा मठारत, म्हणजे हातोडीनं ठोकत बसलेला, त्याच्या ठोक्यावर तिचे पाय. माझी आई शेजारी बसली होती, तिनं मधेच स्वतःचं माहेरचं नाव मोठ्यानं घेतलं, कुणी सांगितलं नव्हतं तरी. मग एकेक करत सगळ्या बायकांनी घेतलं. मी पन्नाशीचा माणूस, माझ्या आजीचं माहेरचं नाव काय होतं हे मला सांगता आलं नाही आणि ते अजून टोचतंय.

आपली तांबट मंडळी पेशवाईत कोकणातून इथे आली, हंडे, घंगाळं, बंब करून जगली, हे आपण अभिमानानं सांगतो. पण ज्यांनी ती भांडी आयुष्यभर घासली त्यांचं कोण सांगणार? १२ जुलै १९६१ ला पानशेत धरण फुटलं तेव्हा नदीकाठच्या पेठांत पाणी शिरलं, चिखलातून वर आलेली भांडी लोकांनी नावावरून ओळखून नेली असं आमची आजी सांगायची. आता तीच भांडी मोडीत जातात, किलोवर. एकदा वितळली की नाव पण गेलं.

काका सांगतो, तांबं ठोकत राहिलं की कडक होतं, आणखी ठोकलं तर तडकतं, म्हणून परत भट्टीत लाल करायचं म्हणजे मऊ पडतं. हे सगळं शोमधे समोर होणार, पत्रा तापवण्यापासून भांडं उभं राहीपर्यंत. सोबत जात्यावरच्या ओव्या, ज्या हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ या अभ्यासकांनी गावोगाव फिरून लाखाच्या वर गोळा केल्या, त्या वाचून तिनं आळीतल्या आज्यांकडून त्यांच्या त्यांच्या ओव्या रेकॉर्ड करून घेतल्यात. यातल्या दोन आज्या आता नाहीयेत.

पूर्ण शो दीड तासाचा, डिसेंबरात, आळीतच, तिकीट नाही. तिनं एका ठिकाणी अनुदान मागितलं तर संगीत, नृत्य का नाटक यातलं एक निवडा म्हणाले, एकात बसत नाही म्हणून अर्ज परत आला. मग मंडळानं ठरवलं की आपणच करायचं.

एकूण खर्च १,८५,००० रुपये आहे. त्यातले ७०,००० मंडळानं आणि तिनं स्वतः मिळून उभे केलेत, १,१५,००० कमी पडतायत. जास्त पैसे लाईट, साऊंड आणि प्रोजेक्टरच्या भाड्याला जाणार, उरलेले सोबतच्या पाच जणांच्या मानधनाला. तिनं स्वतःचं मानधन धरलंच नव्हतं, आम्ही भांडून थोडं धरायला लावलं. शंभर रुपये दिले तरी चालतील, मंडळाच्या ऑफिसात रोज संध्याकाळी ७ ते ९ कुणीतरी असतं, क्यूआर कोड तिथेच लावलाय, पावती रीतसर मिळेल आणि शो झाल्यावर पूर्ण हिशोब बोर्डावर लागेल.

पैसे जमत नसतील तर नाव घातलेलं एखादं जुनं भांडं शोपुरतं द्या. तांब्या, परात, डबा, पितळेचं असलं तरी चालेल. वहीत नोंद करून, फोटो काढून घेऊ आणि शो झाल्यावर घरपोच परत देऊ. रिहर्सलसाठी संध्याकाळी मोकळा असलेला हॉल कुणाकडे असेल तर तोही हवाय, पावसात चौकात करता येत नाही.

आणि एक, भांडं आणताना चिंच किंवा पावडर लावून चकचकीत करू नका. आहे तसंच आणा, नाव आधीच झिजलेलं असतं.