हौशी नव्हे, अव्यावसायिक

मा. संपादक,
स.न.वि.वि.

फ्रेंच वास्तवदर्शी सिनेमातल्या अव्यावसायिक कलाकारांवर आपल्या रविवार पुरवणीत आलेला लेख आवडला. पण साध्या माणसांपुढे कॅमेरा ठेवला की ती आपसूक खरी वागतात, हे त्यातलं गृहीतक पटलं नाही. घडतं नेमकं उलट. नवखा माणूस आधी आवाज चढवतो, हातांचं काय करावं हे त्याला सुचत नाही, आणि वाक्य संपलं रे संपलं की त्याची नजर दिग्दर्शकाकडे वळते. पडद्यावरची सहजता महिनोन् महिने खपून घडवलेली असते.

दिग्दर्शक लोराँ काँते यांचा 'आंत्र ले म्यूर' (2008, कान चित्रपट महोत्सवात पाम द'ओर हा सर्वोच्च पुरस्कार) घ्या. पॅरिसच्या विसाव्या विभागातल्या एका शाळेत जवळपास अख्खं शालेय वर्ष दर बुधवारी दुपारी कार्यशाळा चालली. ज्याला यायचं त्याने यावं. सुरुवातीला पन्नासेक मुलं होती, चित्रपटात पंचवीसेक उरली. निवड करण्याची ही सर्वांत प्रामाणिक रीत आहे, कारण चाचणीच्या दिवशी चमकणारं मूल तिसऱ्या आठवड्यात कंटाळलेलं असू शकतं. मुलांच्या हाती संहिता दिली नव्हती. प्रसंग कुठे न्यायचा हे शिक्षकाच्या भूमिकेतल्या फ्रान्स्वा बेगोदो यांना ठाऊक असे आणि ते वर्गात बोलता बोलताच तो तिकडे वळवत. म्हणजे दिग्दर्शनाचा अर्धा भार प्रसंगाच्या आतूनच उचलला जाई. कॅमेरे तीन: एक शिक्षकावर, एक बोलणाऱ्या मुलावर, तिसरा पुढे कुठे काही घडेल त्याचा वेध घेणारा. उत्स्फूर्त उत्तर दुसऱ्यांदा तसंच येत नाही, म्हणून एकाच वेळी सगळीकडून टिपायचं. आणि मुलं 'स्वतःला'च साकारत नव्हती. वर्गात भडकणाऱ्या सुलेमानची भूमिका करणारा मुलगा प्रत्यक्षात शांत स्वभावाचा होता. याला अभिनय नाही तर काय म्हणायचं?

फ्रेंच दिग्दर्शक ज्याँ रूश यांची गोष्ट वेगळी. 'म्वा, अँ न्वार' (1958) आफ्रिकेतल्या आबिजान शहराच्या त्रेशव्हिल वस्तीत चावी देऊन चालणाऱ्या कॅमेऱ्यावर चित्रित झाला. एका चावीत जेमतेम पंचवीस सेकंदांचा शॉट, आणि तोही मुका. मग बंदरावर हमाली करणाऱ्या उमारू गांदा यांनी पडद्यावरची दृश्यं पाहत आपलं निवेदन उत्स्फूर्तपणे बोलून ध्वनिमुद्रित केलं. आज त्या चित्रपटाचा प्राण वाटणारा तो आवाज यंत्राच्या उणिवेतून आला. हेच गांदा पुढे नायजरचे महत्त्वाचे दिग्दर्शक झाले.

लेखात दिग्दर्शक रोबेर ब्रेसाँ यांनाही याच रांगेत बसवलं आहे, ते चूक. अव्यावसायिक माणसं त्यांनीही घेतली, पण वाक्यातला हावभाव झडून जाईपर्यंत ते तेच वाक्य त्यांना पुन्हा पुन्हा म्हणायला लावत. उत्स्फूर्तता त्यांना नकोच होती.

एरवी पुनरावृत्ती घातकच. व्यावसायिक नट चौथ्या-पाचव्या टेकला रंगतो. नवखा माणूस तिसऱ्या टेकपासून स्वतःचीच नक्कल करू लागतो. दोघे समोरासमोर असतील तर आधी नवख्याचा क्लोजअप उरकावा. जमिनीवर खुणा करू नयेत, कारण तो पावलांकडे पाहत चालतो. फोकस कॅमेरामनने सांभाळावा. क्लॅप (शॉटची पाटी वाजवणं) शेवटी द्यावा. सुरुवातीच्या 'टाळी'ने माणूस ताठ होतो. दोघं एकदम बोलणार हे धरून प्रत्येकाला वेगळा लेपल माइक (कपड्यांना लावायचा छोटा माइक) लावावा, नाहीतर संकलकाच्या हाती काही लागत नाही.

एक विनंती: या कलाकारांना 'हौशी' म्हणू नये. हौशी रंगभूमीवरच्या नटाला शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोचवायची सवय असते, आणि अशा चित्रपटात तीच आड येते.

आपल्याकडे शाळेत असा प्रयोग करू पाहणाऱ्यांनी बालकामगार कायद्याखालचे नियम आधी वाचावेत. चौदा वर्षांखालील मुलांसाठी जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते. दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम नाही, विश्रांतीशिवाय सलग तीन तासांपेक्षा जास्त नाही. मानधनाचा किमान वीस टक्के भाग मुलाच्या नावे मुदत ठेवीत जायला हवा. शिवाय पाच मुलांमागे एक जबाबदार व्यक्ती नेमावी लागते. पंचवीस मुलांचा वर्ग असेल तर अशा पाच जणांचा खर्च पहिल्याच अंदाजपत्रकात धरावा.

आपला,
एक वाचक, पुणे