वेग कुणाचा?

चि. मुक्ता,
अनेक आशीर्वाद.

‘चित्रपट संकलित करताना माझा स्वतःचा वेगच सापडत नाही,’ असं तू फोनवर म्हणालीस. संकलकाला स्वतःचा वेग असावा हेच मला पटत नाही, वेग त्या त्या चित्रपटाचा असतो. फ्रान्स्वाज बोनोचं काम बघ. १९६९ मध्ये तिने संकलित केलेले दोन चित्रपट फ्रान्समध्ये आले: कोस्टा-गाव्रासचा ‘झेड’ आणि मेलव्हिलचा ‘आर्मी ऑफ शॅडोज’. ‘झेड’ एका नेत्याच्या हत्येच्या चौकशीचा चित्रपट, त्यात हल्ल्याचा प्रसंग साक्षीदारांच्या जबान्यांबरोबर तुकड्यातुकड्यांनी परत येतो, नेत्याच्या पत्नीच्या आठवणी क्षणभर लखलखून जातात. दुसऱ्यात पॅरिसच्या विजयकमानीपाशी जर्मन सैनिक कूच करत येतात तो शॉट लांबच लांब चालतो, मध्ये कुठेही कट नाही. ऑस्कर तिला ‘झेड’साठी मिळालं. मला मात्र दुसरं काम अवघड वाटतं. (तिची आई मोनिकही संकलक, मेलव्हिलचे आधीचे काही चित्रपट आईने केलेले.)

‘झेड’सारखे छोटे तुकडे फसतात ते बहुधा प्रेक्षकाच्या नजरेमुळे. आधीच्या शॉटमध्ये चेहरा डावीकडे आणि पुढच्यात उजवीकडे असेल, तर पहिल्या काही फ्रेम (फितीवरची एकेक चित्रं) तो शोधण्यातच जातात. आठ फ्रेमचा शॉट असेल तर तो दिसायच्या आतच संपला! म्हणून चेहरा पडद्याच्या त्याच भागात ठेव, किंवा आधीच्या शॉटचा आवाज कटवरून पुढे वाहू दे. प्रत्येक तुकड्याच्या दोन्ही टोकांना एकेक फ्रेम वाढवून-घटवून बघ. इतक्या लहान शॉटमध्ये एका फ्रेमनेही अर्थ बदलतो.

३५ मिमी फितीच्या एका फुटात १६ फ्रेम, म्हणजे आठ फ्रेमचा तुकडा जेमतेम अर्धा फूट. क्रमांक न लिहिता ट्रिम बिनमध्ये (कापलेले तुकडे टांगायच्या पेटीत) टांगला तर सापडणं मुश्कील. फिल्म सिमेंटने (फीत चिकटवायच्या द्रावणाने) जोडलं की जोड बदलताना फ्रेम वाया जायची. टेपचा जोड उखडून पुन्हा लावता येतो. तुझ्याकडे फीत नाही, पण क्लिपना नावं दे. आणि सेकंदाला २४ फ्रेमचं चित्रण २५ च्या गतीने धावत नाही ना, हे आधी तपास: तसं झालं तर मिनिटाचे ५७.६ सेकंद होतात आणि वेगळा ध्वनिमुद्रित आवाज ओठांपासून सुटतो.

या रविवारी दोन्ही चित्रपटांतली पाच-पाच मिनिटं आवाज बंद करून बघ. प्रत्येक कटला नजर कुठे होती ते वहीत लिही आणि मला फोटो पाठव.

तुझी,
आई