तुमची पेटी अजून माझ्याकडे आहे, मास्तर

तीर्थरूप मास्तर,
सा. न. वि. वि.

आठ नोव्हेंबर, पु. ल. देशपांड्यांचा जन्मदिवस, जवळ आला की फोन भरून जातो. पु. लं.ची वाक्यं, फोटो, कथाकथनाचे तुकडे. मीही ते आवडीनं ऐकते, पुढे पाठवते. पण मला पु. ल. ज्या दारानं भेटले ते दार तुम्ही उघडलंत. हे चार लोकांसमोर सांगायचं कितीतरी वर्षं मनात होतं.

बाबांचं दुकान बंद झालं त्या वर्षी घरातली पेटी, म्हणजे हार्मोनियम, विकावी लागली. मी तेरा वर्षांची होते. क्लास सोडते म्हणून सांगायला आले, तर तुम्ही फीबद्दल अवाक्षर काढलं नाहीत. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी तुमची पेटी सायकलला बांधून आमच्या दारात उभे राहिलात. आईला म्हणालात, "आमच्या घरात ओल फार आहे, भाता खराब व्हायलाय. पावसाळाभर तुमच्याकडं राहू दे." बेळगावचा पाऊस सगळ्यांच्याच घरात शिरतो आणि आमचं कौलारू घर तर तीन ठिकाणी गळत होतं, हे माझ्या लक्षात यायला वीस वर्षं गेली. आईला मात्र तेव्हाच कळलं होतं. तिनं पेटी माळ्याखालच्या कोरड्या कोपऱ्यात ठेवली आणि तुम्ही गेल्यावर बराच वेळ तिच्यावर हात ठेवून बसली.

त्या पेटीवर तुम्ही पहिलं गाणं बसवून घेतलंत ते 'नाच रे मोरा'. बालवाडीतलं गाणं म्हणून मी नाक मुरडलं होतं. तुम्ही ते चारदा वाजवलंत आणि विचारलंत, मूल जिथं श्वास घेतं तिथंच ओळ कशी संपते बघितलीस? मग म्हणालात, ही चाल बांधणारा माणूस म्हणजे तुम्ही ज्याच्या कॅसेटी ऐकून हसता तोच. मला खरंच माहीत नव्हतं. आमच्याकडे पु. ल. म्हणजे बटाट्याची चाळ, अंतू बर्वा, आणि बेळगावात असल्यामुळे अर्थातच रावसाहेब.

पुढच्या आठवड्यात 'इंद्रायणी काठी'. आजी रोज म्हणायची, त्यामुळे तो जुना अभंग आहे अशी माझी खात्री होती. शब्द गदिमांचे, चाल पु. लं.ची, गळा भीमसेनांचा आणि सगळं 1953 च्या 'गुळाचा गणपती' या चित्रपटासाठी, असं तुम्ही सांगितलंत तेव्हा आजीनं तुमच्याशी भांडण काढलं होतं. तुम्ही हसून भीमपलास रागाचे आरोह-अवरोह वाजवलेत आणि म्हणालात, "आजी, तुम्हाला ते देवळातलं वाटतंय, यातच त्या माणसाचं सगळं आलं की." त्याच चित्रपटाची कथा, पटकथा, संवाद, दिग्दर्शन त्यांचं, आणि नाऱ्याची मुख्य भूमिकाही त्यांनीच केलेली. 'देवबाप्पा'ही त्याच वर्षीचा, म्हणजे 'नाच रे मोरा'सुद्धा. एकाच वर्षात एकाच माणसानं लहान मुलांच्या ओठांवर आणि म्हाताऱ्यांच्या ओठांवर एकेक गाणं ठेवलं. आज मी मुलांना शिकवते तेव्हा या दोन गाण्यांपासूनच सुरुवात करते.

एका रविवारी तुम्ही मला टिळकवाडीत राणी पार्वतीदेवी कॉलेजसमोर नेलंत. पु. ल. इथं मराठी शिकवायचे म्हणून दाखवलंत. तिथंच कट्ट्यावर बसून आकाशवाणीची गोष्ट सांगितलीत. 1940 पासून रेडिओवर पेटीला बंदी होती, ती 1971 मध्ये काही अंशी उठली. पु. ल. 1955 साली आकाशवाणीत नोकरीला लागले, म्हणजे ज्यांची बोटं पेटीवर वाढली ते अशा ठिकाणी कामाला होते जिथं पेटी चालत नव्हती. पेटी तुटक सूर देते, एका सुरावरून दुसऱ्यावर अखंड घसरत जाणारी मींड काढता येत नाही, हा आक्षेप तुम्ही मला नीट समजावून दिलात, आणि तो खरा आहे हेही मान्य केलंत. मग घरी येऊन अभिषेकीबुवांनी गायलेलं 'माझे जीवनगाणे' लावलंत. पाडगावकरांचे शब्द, चाल पुन्हा पु. लं.ची. कुठं बोट दाबून धरायचं, कुठं भाता नुसता हलता ठेवायचा आणि कुठं गाणाऱ्याला मोकळं सोडून गप्प बसायचं, हे त्या दुपारी शिकले. तसं पुन्हा मला कुणी शिकवलं नाही.

पुढची वर्षं अवघड गेली. बाबा गेले, मी पुण्यात नोकरी धरली, शिक्षण रात्रीचं. कधी कधी खोलीवर येऊन फक्त षड्ज लावून बसायचे. तो सूर तुमच्या पेटीचा होता.

मास्तर, पु. लं.ना पद्मभूषण मिळालं, 'व्यक्ती आणि वल्ली'ला साहित्य अकादमी मिळाली, महाराष्ट्रभूषण मिळालेले तर ते पहिलेच. त्यांचे आभार मानायला सगळा महाराष्ट्र आहे. तुमच्या नावानं कुठं पाटीसुद्धा नाही. तुम्ही पोस्टातली नोकरी सांभाळून तीस वर्षं मुलांना पेटी शिकवलीत आणि ज्यांच्याकडे फी नव्हती त्यांच्या घरी ओलीचं निमित्त घेऊन गेलात.

मी येत्या आठ तारखेला बेळगावला येतेय, पेटी घेऊन. नवा भाता बसवलाय, दोन सूर उतरले होते ते लावून घेतलेत. काकूंना सांगा, जेवायला थांबणार आहे. 'इंद्रायणी काठी' तुम्ही म्हणायचं, मी साथ करेन. पूर्वी तुम्ही काळी दोनच्या पट्टीत म्हणायचात. परवा फोनवर आवाज थोडा खाली आल्यासारखा वाटला, म्हणून काळी एकमध्ये बसवून ठेवलंय.

आपली विद्यार्थिनी